दुधाच्या कॅनमधला पाहुणा

आमचे झूलॉजीचे सर आंघोळ करत नाहीत, ही बातमी कॉलेजात मीच पसरवली. हे आधीच सांगून टाकते, नाहीतर पुढं मी फार गुणाची वाटेन. मी तेव्हा बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होते, जिभेला हाड नव्हतं, आणि सर प्रॅक्टिकलला बाकाशी येऊन उभे राहिले की घाम, फॉर्मालिन आणि शिळं कापड असा एक वास यायचा. मी मैत्रिणींना म्हणायची, "बाटलीतला साप बरा गं, त्याला झाकण तरी आहे." सगळ्या फिदीफिदी हसायच्या. खरं काय ते कळलं त्या दिवशी मला तोंड लपवायला जागा राहिली नाही, पण ते ओघानं येईल.

सर देगलूरकडचे. उंच, काटकुळे, पँट घोट्याच्या वर, आणि शर्टाच्या खिशात पेनच्या जागी चिमटा. त्या चिमट्यानं ते गांधीलमाशी उचलायचे, बिस्कीट उचलायचे. एकदा प्राचार्यांच्या कोटावर चढलेला ढेकूण त्यांनी भर मीटिंगमध्ये उचलला आणि "मादी हाय" म्हणून कागदाच्या पुडीत घालून खिशात टाकला. मुलांना ते "साहेब" म्हणायचे आणि आम्हा चौघी मुलींना "अक्का". देगलूरच्या माणसाच्या मराठीत कानडी-तेलुगू मिसळलेलंच असतं, त्यातला सरांचा लाडका शब्द "साकु". साकु म्हणजे पुरे. शिकवता शिकवता आज एवढं पुरे असं वाटलं की "साकु" म्हणून खडू ठेवायचे आणि निघून जायचे, मग घड्याळात अकरा मिनिटं झालेली असोत की पन्नास. एकदा शुक्रवारी "गांडुळाला डोळे" इथं साकु झालं. सोमवारी वर्गात पाय टाकता टाकता त्यांनी "नसतात" म्हणून ते वाक्य पुरं केलं आणि हजेरी घेतली.

राहायला ते लॅबच्या मागच्या खोलीत. कागदोपत्री ती खोली म्हणजे आमच्या विभागाचं म्यूझियम. तिथं एका कपाटात नाग, वटवाघूळ, सहा विंचू आणि औशाकडच्या कुणीतरी आणून दिलेलं दोन तोंडांचं करडू, एवढी मंडळी बाटल्यांतून बसलेली असायची. त्यांच्यासमोर एका लांब टेबलावर सर झोपायचे. चहा बीकरमध्ये, स्पिरिटच्या दिव्यावर. लॅबचे शिपाई रसूलचाचा म्हणायचे, "हमारे सर भी एक दिन बाटली में बैठेंगे, लेबल मैं लिखूंगा." सर म्हणायचे, "लिहा, पण स्पेलिंग मला विचारून."

मला ते एका गोष्टीसाठी आवडायचे आणि त्याच गोष्टीसाठी त्यांचा राग यायचा. जर्नलमध्ये त्यांना फक्त डोळ्यांनी बघितलेलंच लागायचं. मी एकदा बेडकाची आकृती गाईडातून इतकी सुरेख उतरवली की मैत्रिणी बघायला आल्या. सरांनी पाच सेकंद बघितली आणि काट मारली. "अक्का, तुझ्या बेडकाचं पित्ताशय तू कालच फोडलंस. हे कुणाचं काढून राहिलीस?" मी घरी जाऊन रडले आणि त्यांना जमतील तेवढ्या शिव्या दिल्या.

लातूर तेव्हा नुकतंच जिल्हा झालं होतं. भाड्याच्या इमारतींवर "जिल्हा" शब्दाच्या ताज्या पाट्या लागत होत्या, आणि त्याच पाट्यांखालच्या नळाला दहा-दहा दिवस पाणी नव्हतं. पाऊस सलग दुसऱ्या वर्षी दगा देऊन गेला होता. टँकर आला की गल्लीत भांडणं. आमच्या प्राचार्यांना मात्र जिल्ह्याचं फार चढलं होतं. पंखा बंद पडला तरी म्हणायचे, "आता आपण जिल्हा आहोत, हे शोभत नाही."

त्याच भरात त्यांनी झूलॉजीचं तिसरं वर्ष मागितलं. तोवर आमच्याकडं दुसऱ्या वर्षापर्यंतच शिकवत. पुढं औरंगाबादला जा, नाहीतर घरी बसा. मुलं जायची. मुली घरी बसायच्या. माझे वडील डाळ मिलमध्ये कामाला, साधा, सरळ माणूस. त्यांनी मला समोर बसवून सांगितलं होतं, "तिसरं वर्ष लातुरात निघालं तर शिक, मी आडवा येणार न्हाई. न्हाई निघालं तर उदगीरचं स्थळ आलेलं हाय, त्याला हो म्हणायचं." मुलगा वाईट नव्हता. पण मला पदवी हवी होती. कशासाठी ते मला सांगता आलं नसतं, नुसती हवी होती.

विद्यापीठाची समिती आली. तिघे जण, त्यांतले एक टाय घातलेले. त्यांनी म्यूझियमचं कपाट उघडलं आणि विचारलं, "समुद्री प्राणी कुठं आहेत?" सर म्हणाले, "नाहीत." "तिसऱ्या वर्षाचा निम्मा अभ्यासक्रम समुद्रातला आहे. मुलांना काय करडू दाखवणार?" आणि ते हसले. दुसरे म्हणाले, "अहो, इथं प्यायला पाणी नाही, समुद्र कुठून आणतील?" मग तिघेही हसले, आमचे प्राचार्यही घाबरून हसले. सर हसले नाहीत. खिशातला चिमटा काढून त्यांनी परत ठेवला आणि म्हणाले, "आणतो." समितीनं शेरा मारला की उन्हाळ्यात पुन्हा पाहणी करू, तोवर परवानगी नाही.

दिवाळीच्या सुट्टीत सर दोन दुधाच्या कॅन घेऊन कोकणात मालवणच्या बाजूला गेले. परतीचा प्रवास त्यांनी आम्हाला तासाला सांगितला, तीन दिवस तुकड्या-तुकड्यांत, मध्येच साकु करत. सोलापूरहून लातूरला येणारी एस.टी. खच्चून भरलेली. दोन्ही कॅन सरांच्या पायांत. शेजारच्या पटकेवाल्या म्हाताऱ्यानं विचारलं, "मास्तर, एवढं दूध कुठं निघालंय?"

"दूध न्हाई. पाणी हाय."

"पाणी? मग दे की घोटभर. घसा वाळलाय."

"देता येत न्हाई."

झालं! सगळी एस.टी. सरांवर उलटली. दुष्काळात पाण्याला नाही म्हणणारा माणूस कसला, ह्याला खाली उतरवा, ह्याच्या घरी कुणी मेलंबिलं तर कळंल. कंडक्टरसुद्धा म्हणाला, "सोभत न्हाई गुरुजी." शेवटी सरांनी झाकणभर पाणी ओतून म्हाताऱ्याला दिलं. म्हाताऱ्यानं एक घोट घेतला आणि खिडकीतून बाहेर फेकला. "जहर हाय की रे हे!"

"जहर न्हाई. समुद्र हाय."

मग काय विचारता, सगळ्यांना चव बघायची. तळहात पुढं. एका बाईनं तर थेंब डोळ्यांना लावला आणि उरलेला केसांवरून फिरवला. त्या एस.टी.तल्या कुणीच समुद्र बघितलेला नव्हता. सर म्हणाले, "पाव कॅन तिथंच गेली. पण काय करणार, मागून राहिले होते बिचारे." शेवटी कंडक्टरनं विचारलं, "निस्तं पाणीच हाय, का आत जिवंत बी काय हाय?" सर म्हणाले, "आता एकच राहिलाय." खेकडे, गोगलगायी, तारामासा, सगळे वाटेत मेले होते. जगली होती ती एक चामड्यासारखी पांढुरकी नळी, हातभर लांब, आणि तिच्या आत राहणारा एक मऊ किडा. वाळूत पुरून घेतलेल्या त्या नळीची दोन्ही तोंडं वर असतात. किडा आत बसून एका तोंडानं पाणी ओढतो, दुसऱ्या तोंडानं सोडतो, आणि पाण्यातून जे येईल ते खातो. जन्मभर त्याला बाहेर यायचं काम नाही.

लॅबमध्ये काचेच्या मोठ्या भांड्यात वाळू घालून नळी बसवली. चौथ्या दिवशी आम्ही भोवती उभे असताना नळीच्या तोंडातून दुसरंच कुणीतरी डोकावलं. बोटाच्या दोन पेरांएवढं, चपटं, पाठीवर खवल्यांच्या दोन रांगा, एकावर एक चढलेल्या. क्षणभर बाहेर आलं आणि सुर्रकन आत गेलं. सर काचेला नाक टेकून बघत राहिले. मग चष्मा काढून सदऱ्याला पुसला आणि परत घातला.

"हे मी वाचलं होतं. बघितलं नव्हतं."

रसूलचाचा म्हणाले, "एक टिकट पे दो सवारी!"

तो खवलेवाला किडा दुसऱ्या किड्याच्या घरात राहतो. मालकाला चावत नाही, त्याचं रक्त पीत नाही, त्याच्या वाटेत येत नाही. मालकानं ओढलेल्या पाण्यात श्वास घेतो आणि मालकाच्या तोंडून सुटलेला चारा खातो. सहभोजी, एका ताटातला. सरांनी त्यांची नावंच पाडली, मालक आणि पाहुणा. मी विचारलं, "मालकाला काय फायदा?" सर म्हणाले, "काही न्हाई." "तोटा?" "तो बी न्हाई." "मग घरात कुणी राहतंय हे मालकाला माहीत तरी आहे का?" सरांनी माझ्याकडं असं बघितलं की मी पहिल्यांदाच काही शहाणपणाचं बोलले असावे. "ते मला माहीत न्हाई, अक्का. बघू या."

आता हे दोघं उन्हाळ्यापर्यंत जगवायचे होते. समितीला जिवंत दाखवायचे, बाटलीतले नाही, असं सरांनी ठरवूनच टाकलं. वीज कधीही जायची, म्हणून सरांनी ट्रकची जुनी ट्यूब आणली, तिला बारीक नळी जोडली, हवा हळू सुटावी म्हणून नळीला चाप लावला. रोज सकाळी आम्ही पाळीपाळीनं सायकलच्या पंपानं ट्यूब फुगवायची आणि दिवसभर भांड्यात बुडबुड हवा सुटायची. माझ्या वडिलांच्या मिलमधून मी हरभऱ्याच्या डाळीचा धुरळा आणायची, तो चिमूटभर पाण्यात. भांड्याला गारव्यासाठी ओलं पोतं. वडील विचारायचे, "किड्यांना डाळ मानवते का गं?" त्यांनाही गोडी लागली होती.

पण पोतं ओलं ठेवायला पाणी लागतं, आणि पाणी ही गोष्ट त्या वर्षी लपत नसे. कुणीतरी प्राचार्यांकडं अर्ज टाकला की माणसांना घागर मिळेना आणि झूलॉजीवाले किड्यांना पाणी पाजतात. प्राचार्यांनी सरांना बोलावलं. वर्गप्रतिनिधी म्हणून मीही गेले, रसूलचाचाही होते. प्राचार्य म्हणाले, "भांडं आजच्या आज रिकामं करा. आता आपण जिल्हा आहोत, उद्या पेपरात येईल." मग रसूलचाचाच पुढं झाले.

"साब, कॉलेज का एक बूंद नहीं लेते ये. इनको रोज एक बकेट मिलती, आप ही ने लिख के दी. उसी में से देते. खुद नहाते नहीं, जनवरी से गीले कपड़े से पोंछ लेते, बस."

प्राचार्य बघतच राहिले. "जानेवारीपासून?"

"पुसून घेतो ना," सर म्हणाले. "रोज घेतो."

मी भिंतीला टेकून उभी होते. मार्च संपत आला होता. जानेवारीपासून मी या माणसाच्या वासावर मैत्रिणींना हसवत होते. जमिनीनं फाटून आत घ्यावं म्हणावं तर ती आधीच सगळीकडं फाटलेली होती. प्राचार्यांनी खिडकी उघडली आणि म्हणाले, "ठेवा भांडं. पण मीटिंगला जरा लांब बसत जा." त्यांच्याबद्दल मला पहिल्यांदा बरं वाटलं. बाहेर आल्यावर मी सरांना सगळं सांगून टाकलं, बातमी कुणी पसरवली ते. ते म्हणाले, "वास येत होता का? येत होता. मग खरंच सांगितलंस की."

एप्रिलच्या मध्याला देगलूरहून निरोप आला, सरांची आई गेली. समिती यायला तेव्हा पंधरा दिवस होते. सरांनी पिशवी घेतली, मला भांड्यापाशी नेलं, काचेवर तांबड्या रंगानं मारलेली रेघ दाखवली. कोपऱ्यात टँकरचं पाणी भरलेली घागर होती, औषधाचा वास उडून जावा म्हणून दोन दिवस उघडी ठेवलेली. "उन्हानं पाणी कमी होतं. रोज रेघेपर्यंत भरायचं. साकु," म्हणाले आणि गेले. डोळे लाल होते, मला पुढं काही विचारवेना.

मी मन लावून केलं. अगदी सणाच्या स्वयंपाकासारखं. रोज सकाळी पाणी दोन बोटं उतरलेलं असायचं. आता मला एवढं तर कळत होतं की समुद्राचं पाणी खारट. त्यात साधं पाणी ओतलं तर ते फिकं पडणार, किडे मरणार. म्हणून मी भांड्यातलं पाणी बोटानं चाखायची, तांब्यात मीठ कालवून तीच चव आणायची आणि मग ओतायची. रसूलचाचांनाही चाखायला द्यायची. ते म्हणायचे, "समंदर है, नमक तो लगेगाच." आम्हा दोघांपैकी कुणीच समुद्र बघितला नव्हता. दहा दिवस मी हे केलं आणि रोज घरी जाऊन वडिलांना सांगितलं की सर आल्यावर खूश होतील.

सर अकराव्या दिवशी आले, डोकं भादरलेलं. भांड्यापाशी वाकले आणि तसेच राहिले. नळी लोळागोळा होऊन पडली होती, तिच्या तोंडाशी पांढरं काहीतरी सांडलेलं. मालक मेला होता. पाहुणा बाहेर काचेला चिकटून होता, पाठीवरचे निम्मे खवले गळून गेलेले, हलत नव्हता.

"काय घातलंस, अक्का?"

"पाणी. मीठ कालवून."

सर स्टुलावर बसले. मग हळू म्हणाले, "उन्हानं पाणी उडतं. मीठ उडत न्हाई. ते आतच राहतं. वरनं तू रोज आणखी घातलंस."

मला रसायनशास्त्रात पंचाहत्तर गुण होते! मीठ वाफेबरोबर जात नाही हे मी परीक्षेत आकृती काढून लिहिलं होतं. मी तिथंच रडायला लागले. मालक मेला म्हणून, सरांची आई मेली म्हणून, आणि आता उदगीरच्या त्या स्थळाला हो म्हणावं लागणार म्हणून. सगळं एकदम. सर ओरडतील तर बरं असं वाटत होतं.

"रडून झालं की घागर आण," ते म्हणाले. "गोडं पाणी घालायचं एवढं मी बोललो न्हाई. अर्ध्यावर सोडून गेलो. चूक माझी. पाहुणा मेलेला न्हाई अजून, बघ, मिशा हलून राहिल्यात."

दोन दिवस आम्ही थोडं थोडं खारं पाणी काढून थोडं थोडं गोडं पाणी घालत होतो, चमच्यानं मोजून. एकदम घातलं असतं तर तोही मेला असता. दुसऱ्या दिवशी दुपारी पाहुणा सरकायला लागला. पण तो भांडंभर भिंतींना घासत फिरायचा, सगळ्या कोपऱ्यांत डोकं घालायचा. घर शोधत होता. सर म्हणाले, "उघड्यावर हा टिकायचा न्हाई. ह्याला घर पाहिजे." त्यांनी रबराची नळी टाकून बघितली, बोरूची टाकली. तो बघायचा आणि मागं फिरायचा. मी माझ्या बॉलपेनमधलं रिफिल काढून टाकलं आणि पेनची ती दोन्हीकडं उघडी, पारदर्शक काडी हवेच्या बुडबुड्यांपाशी धरली, म्हणजे आतून पाणी वाहील. पाहुणा तोंडाशी आला, मिशा आत घातल्या, थांबला. आणि सरळ आत शिरून बसला. रसूलचाचांनी टाळी वाजवली. सरांनी माझ्या डोक्यावर टपली मारली, जोरात, लागली मला.

समिती दुसऱ्या दिवशी आली, तेच तिघे. टायवाले म्हणाले, "काय, आणला का समुद्र?" सरांनी भांडं दाखवलं. ते जरा हसतच वाकले. आत पेनच्या काडीत तो खवलेवाला, शरीर लाटेसारखं हलवत, पाठीवरचे उरलेले खवले वर-खाली करत. नळीत होता तेव्हा आम्हालाही तो इतका कधी दिसला नव्हता. टायवाल्यांनी भिंग मागितलं. मग खुर्ची मागितली. बाकीचे दोघे बॉटनीकडं जाऊन आले तरी हे तिथंच.

"हा कुणाच्या नळीत होता? तो कुठं आहे?"

सर तोंड उघडणार, त्याआधी मी बोलले. "मी मारला, सर." मीठ, चव, पंचाहत्तर गुण, सगळं सांगितलं. प्राचार्यांनी कपाळाला हात लावला. सर म्हणाले, "सूचना माझी अर्धवट होती." टायवाले एकदा माझ्याकडं, एकदा सरांकडं बघत होते.

"आणि आता हा कुणाच्या जिवावर जगतो?"

"आमच्या," सर म्हणाले. "सकाळी पंप मारतो, डाळीचं पीठ घालतो. आता मालक आम्हीच."

टायवाले उठले. घामानं त्यांची कॉलर भिजली होती. "मी बावीस वर्षं हा प्राणी फळ्यावर काढतोय," ते म्हणाले. "जिवंत आज बघितला." आणि त्यांनी सरांपुढं हात केला.

परवानगीचं पत्र जूनमध्ये आलं. पाहुणा तोवर नव्हता, मेअखेरच्या उन्हात एका सकाळी तो काडीतच निपचित दिसला, आणि आम्ही त्याला स्पिरिटमध्ये ठेवला. घरी पेढे आले. वडिलांनी उदगीरला स्वतः जाऊन सांगितलं की पोरगी अजून शिकतीय. मी हवेत होते.

तास सुरू व्हायच्या दिवशी सकाळी मी तिसऱ्या वर्षाचा अर्ज द्यायला ऑफिसात गेले तेव्हा क्लार्कसमोर आमच्या विभागाची फाईल उघडी होती. वरच्याच कागदावर सरांचं अक्षर. ते कुठंही ओळखू आलं असतं, मुंग्यांच्या रांगेसारखं. समितीला पाठवलेल्या माहितीत त्यांनी स्वतःच लिहिलं होतं: सध्याच्या शिक्षकास एम.एस्सी.ला तिसरा वर्ग असल्याने तिसऱ्या वर्षास शिकवण्यास ते पात्र नाहीत. परवानगी मिळाल्यास त्या जागी पात्र शिक्षक नेमावा. खाली सही. तारीख पहिल्या समितीच्याही आधीची. विषयाला शिक्षकाची जागा एकच होती.

मी क्लार्कला विचारलं, "सर कुठं आहेत?"

"गेले की काल. धर्माबादला शाळेत लागलेत म्हणे. न्हाई, काल न्हाई, आज. आज सकाळची गाडी."

बस स्टँडपर्यंत मी पळत गेले, लातूरच्या भर रस्त्यावरून, पदर खांद्यावरून सुटलेला, ओळखीचे लोक बघत असताना. नांदेडची गाडी लागलेली होती. सर पत्र्याची पेटी टपावर चढवून खाली उतरत होते. स्वच्छ आंघोळ केलेली, डोक्यावर केस पुन्हा आलेले. मी श्वास न घेता ओरडले.

"तुम्हाला माहीत होतं?"

"काय?"

"तिसरं वर्ष आलं की तुम्हाला जावं लागणार. पहिल्यापासून माहीत होतं?"

"हाव."

"मग कशाला केलं हे सगळं? कॅन, ट्यूब, चार महिने अंगाला पाणी नाही! परवानगी आली नसती तर तुम्ही राहिला असता! तुमचं घर होतं ते!" मी अक्षरशः भांडत होते. लोक जमले. कंडक्टर दारातून बघत होता.

सरांनी मला ओरडू दिलं. मग शांतपणे विचारलं, "तिसऱ्या वर्षाला नाव घातलंस का?"

"आत्ताच घातलं."

"चौघी बी?"

"चौघी."

"मग?" ते म्हणाले. त्यांनी मनगटावरचं घड्याळ बघितलं आणि एकदम चिडले, प्रॅक्टिकलला चिडायचे तसे. "साडेअकराला पहिला तास हाय ना तुझा? नवे सर आलेत. मग इथं काय करून राहिलीस, अक्का? जा!"

कंडक्टरनं घंटी दिली. ते आत चढले आणि खिडकीतून पुन्हा एकदा हातानं "जा, जा" केलं. बघत उभी राहिले असते तर त्यांनी उतरून मला हाकललं असतं, म्हणून मी मागं फिरले. वर्गात पोचले तेव्हा तास सुरू झाला होता. नव्या सरांनी दुसऱ्या वर्षाच्या जुन्याच यादीवरून हजेरी घ्यायला घेतली होती. माझं नाव आलं तेव्हा मी बाकावर टेकत होते, लक्ष अजून त्या गाडीतच होतं. त्यांनी वर बघून दुसऱ्यांदा नाव घेतलं.

"हजर," मी म्हणाले.